पाठ न दाखवणारा कॅनडा

हिंदी सिनेमात दिग्दर्शकाला तीन संधी मिळतात. पहिल्या वेळी तो नवा असतो म्हणून माफ करतात, दुसऱ्या वेळी हीरोवर ढकलता येतं, आणि तिसऱ्या वेळी लोक फोन घेणं बंद करतात. माझे दोन झाले होते. पहिला चित्रपट असा चालला की शेवटच्या खेळाला आत कुणीच नव्हतं. डोअरकीपरला दया आली म्हणून तो येऊन बसला. त्याला एकट्याला भीती वाटायला लागली म्हणून प्रोजेक्टरवाला खाली उतरला, आणि इंटरव्हलला दोघंही चहाला गेले ते परत आलेच नाहीत. दुसरा त्याहून बरा. त्याला निदान शिट्ट्या मारून बंद पाडायला तरी माणसं आली.

देश तेव्हा नुकताच उघडला होता. किराण्याच्या दुकानात परदेशी चॉकलेटं लटकायला लागली होती, घरोघरच्या गच्चीवर डिश उगवली होती, आणि हिंदी सिनेमाच्या हीरोने हमालीचा बिल्ला फेकून लाल गाडी घेतली होती. पूर्वीचा हीरो गरीब असायचा आणि प्रेमात पडायचा. आताचा श्रीमंत असायचा आणि संस्कारात पडायचा. राहायला परदेशात, नाचायला बर्फात आणि रडायला थेट पंजाबात, मोहरीच्या शेतात. माझ्याकडे नाशिकच्या दोन भावांची एक पटकथा तयार होती. माझ्या निर्मात्याने ती डोळे मिटून ऐकली आणि म्हणाला, "बहोत सोणी कहानी है जी. बस, नाशिक को टोरांटो कर दो."

मी तिथल्या तिथे केलं. गोदावरीचा तलाव केला, दिवाळीचा ख्रिसमस केला, द्राक्षांच्या मळ्याचा मॉल केला. भांडणारे चुलते तेवढे तसेच ठेवले, कारण चुलते जगात सगळीकडे सारखेच.

निर्माता लुधियानाचा. स्वेटरांच्या धंद्यातून सिनेमात आलेला, त्यामुळे त्याच्या प्रत्येक चित्रपटात थंडी पडायचीच. चंदीगडला सेक्टर बावीसमध्ये, बसस्टँडच्या जवळच्या गल्लीत त्याचं हॉटेल होतं. खाली छोले-भटुरे, मध्ये खोल्या आणि वरच्या मजल्यावर त्याचं फिल्म ऑफिस. तिथे बोलावून त्याने मला बातमी दिली.

"डायरेक्टर साब, कॅनडावालों ने वीजा नहीं दिया."

"किसको?"

"किसी को नहीं जी. आप को नहीं, हीरो को नहीं. मैंने पूछा, अकेला कॅमेरा भेज दूँ? बोले, उसको भी नहीं."

कारण मागाहून कळलं. आदल्या चित्रपटासाठी निर्मातेसाहेबांनी भांगड्याचं एक पथक कॅनडाला नेलं होतं. जाताना पथक इतकं मोठं होतं की विमानात हीरॉइनला बसायला जागा उरली नव्हती. परत आला तो फक्त ढोल. बाकी सगळे तिकडे टॅक्सी चालवायला लागले. निर्मात्याला याचं तिळमात्र दुःख नव्हतं. "पुण्य का काम हुआ जी," तो म्हणाला, "एक पिक्चर में कितने घर बस गए!"

मग तो खिडकीपाशी गेला आणि त्याने पडदा सारला. "ये देखो. सीधी सडक, गोल चौक, दोनों तरफ पेड. कोई थूकता नहीं. ये कॅनडा नहीं तो और क्या है?"

नेमकं त्याच वेळी खाली एकजण थुंकला, पण निर्मात्याच्या कल्पनेत असले तपशील बघायचे नसतात. आणि खरं सांगायचं तर चंदीगड परदेशासारखं दिसतंच. पट्टी ठेवून काढलेलं शहर. सगळ्या देशात वसंत येतो तेव्हा इथली झाडं मार्च महिन्यात पानं गाळतात, रस्ते पिवळेजर्द होतात आणि आपण उगाचच मफलर गुंडाळून उदास चालायला लागतो. मी म्हटलं, चालेल. न चालून सांगतो कुणाला?

माझी थोरली बहीण चंदीगडातच होती. भावोजी तिथल्या मोठ्या इस्पितळात हाडांचे डॉक्टर. मी हॉटेल सोडून ताईच्या क्वार्टरमध्ये मुक्काम टाकला. भावोजी अत्यंत मितभाषी. माझे दोन्ही चित्रपट त्यांनी पाहिले होते आणि दोन्हींबद्दल एक अक्षर बोलले नव्हते. एक्स-रे बघून गप्प बसणारा डॉक्टर किती भीतीदायक असतो ते मला तेव्हा कळलं. त्या दिवशी मात्र जेवताना ते आपण होऊन बोलले.

"खरडला एक नवीन कॉलेज निघतंय. फिल्म मेकिंग शिकवणार म्हणतात. चेअरमनचे गुडघे माझ्याकडेच असतात. शब्द टाकू का?"

खरड म्हणजे मोहालीच्या पलीकडे. तेव्हा तिथे गव्हाच्या शेतात कॉलेजं उगवायला लागली होती. आज पाणी सोडलं की उद्या चार मजले वर आणि परवा ॲडमिशन चालू.

"भावोजी, अहो, माझा तिसरा पिक्चर चाललाय!"

"म्हणूनच म्हटलं," असं म्हणून त्यांनी आमटी वाढून घेतली.

माझी भाची मराठी सगळं समजायची, पण उत्तर हिंदीतच द्यायची. ती म्हणाली, "मामा, ये वाली भी फ्लॉप हुई तो आप यहीं रहोगे? मेरा रूम नहीं मिलेगा, पक्का."

म्हणजे हिशोब सरळ होता. हिट, नाहीतर खरड.

शहर मिळालं, पण कॅनडात गोरी माणसं लागतात. निर्मात्याच्या माणसाने मनालीहून गोऱ्यांची एक बस मागवली. बस आली. एकेक गोरा उतरला. सगळ्यांच्या डोक्यावर जटा, गळ्यात रुद्राक्ष, अंगात भगवे कुर्ते, आणि एकाच्या हातात चिलीम. मी त्यांना चौकात उभं करून पाहिलं. कॅनडा राहिला बाजूला, हुबेहूब हरिद्वार झालं. सेक्टर सतराच्या दोन म्हाताऱ्यांनी त्यांच्या पाया पडायला सुरुवात केली तेव्हा मी बस परत पाठवली.

दुसऱ्या दिवशी पाडवा. ताई मराठी मंडळाची सेक्रेटरी, त्यामुळे श्रीखंडाचं पातेलं आणि मी असे दोघेही तिच्याबरोबर हॉलवर गेलो. मंडळात इस्पितळातले डॉक्टर, युनिव्हर्सिटीतले प्राध्यापक, आर्मी आणि एअर फोर्सचे अधिकारी आणि त्यांची कुटुंबं. जो तो आपापल्या गावची मराठी सोबत घेऊन आलेला. एकीकडून "काय करून राहिला बे?" आणि दुसरीकडून "काय करालाईस?" असं ऐकू यायचं आणि मध्येच "यार, श्रीखंड पास करना" यायचं. मी वाटी हातात घेऊन सहज समोर पाहिलं.

सतरंजीवर कॅनडा बसला होता.

घारे डोळे! हिरवट घारे, निळसर घारे, मांजरासारखे घारे. रत्नागिरी, गुहागर, दापोली, सगळा किनारा गोरापान होऊन पुऱ्या खात होता. वर्षानुवर्षं चंदीगडच्या थंडीत राहून गालही लाल झालेले. ते जटावाले खरे गोरे कुठे आणि हे अस्सल कुठे! मी तिथेच उभा राहून घोषणा केली की मंडळातल्या गोऱ्या आणि घाऱ्या सभासदांना हिंदी चित्रपटात कॅनेडियन नागरिक म्हणून काम करायची संधी आहे.

पहिल्यांदा आनंदाची लाट उसळली. मग लाट ओसरली आणि खालचे खडक दिसले. कारण अर्धं मंडळ देशावरचं, विदर्भाचं, माझ्यासारखंच नीट भाजलेलं. ताईसुद्धा. भावोजी मात्र राजापूरकडचे, डोळे असे घारे की ऑपरेशन टेबलावर पेशंट त्यांना इंग्रजीतच नमस्कार करायचे.

ताईने मला पातेल्याआड ओढलं. "म्हणजे माझा नवरा कॅनडात आणि मी इंडियात?"

"ताई, अगं सिनेमा आहे."

"सिनेमा असू दे नाहीतर मसणवटा. ह्या माणसाला मी कधी एकट्याला लुधियानाला पाठवलं नाही. आणि सेक्रेटरी म्हणून सांगते, मंडळ जाईल तर सगळं जाईल. निम्मं मंडळ गोरं आणि निम्मं काळं, असला भेदभाव घटनेत नाही आपल्या."

"मग तुम्हाला सगळ्यांना गोरं कसं करू?"

"तो तुझा प्रश्न. दिग्दर्शक तू आहेस ना?"

शेवटी कार्यकारिणीत तडजोड झाली. घारे कॅनेडियन होणार आणि बाकीचे कॅनडात स्थायिक झालेले भारतीय शेजारी. ताईने लगेच शेजाऱ्यांना कॅनेडियनांपेक्षा चांगले कोट हवेत असा ठराव मांडला आणि तो एकमताने मंजूर झाला.

पण मंडळाचा खरा मालक वेगळाच होता. एअर फोर्सचे निवृत्त ग्रुप कॅप्टन, सगळे त्यांना सर म्हणत. गणेशोत्सवातलं नाटक तेच बसवायचे, आणि असं बसवायचे की पुन्हा उठायचं नाही. सरांच्या मिशा घाऱ्या होत्या म्हटलं तरी चालेल, इतका तो माणूस मुळापासून घारा. त्यांनी मला बोलावून घेतलं.

"माझं पात्र काय करतं?"

"सर, रस्ता ओलांडतं."

"का ओलांडतं?"

"पलीकडे जायचं असतं म्हणून."

"पलीकडे कोण आहे त्याचं?"

सरांनी मान हलवली, माझ्या पटकथेची वही न उघडता सगळ्यांना भूमिका वाटल्या आणि रोज संध्याकाळी हॉलमध्ये कॅनडाची तालीम सुरू केली. भूलशास्त्राचे एक डॉक्टर घटस्फोटित लाकूडतोड्या झाले. बँकेतल्या वहिनी झाल्या नुकतीच नोकरी गेलेली शिक्षिका. भावोजींना त्यांनी फ्रेंच बोलणारा पाववाला केलं, आणि मितभाषी माणसाला ती भाषा येत नसल्याने भूमिका चपखल बसली. मी खूष होतो. माझं लक्ष हीरोच्या तारखांकडे होतं. त्यामुळे सरांची रंगभूमीवरची एकमेव अट काय आहे, हे मला कुणी सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही.

अट अशी: प्रेक्षकांना पाठ दाखवायची नाही.

सरांच्या नाटकात जन्मात कुणी पाठ दाखवलेली नव्हती. येताना तोंड समोर, जाताना तोंड समोर. मरतानासुद्धा माणूस आधी वळून प्रेक्षकांकडे तोंड करायचा आणि मग मरायचा. एकदा एक प्राध्यापक भूमिका संपवून मागे-मागे जाताना विंगेऐवजी खिडकीतून बाहेर गेले आणि कण्हेरीत पडले, पण शेवटपर्यंत त्यांचा चेहरा प्रकाशात होता. मंडळाच्या हाडात ती अट इतकी मुरलेली की भावोजींनाही ती एक्स-रेत दिसली नसती.

आणि माझ्या चित्रपटाचा शेवटचा प्रसंग काय होता? हीरोला भावाने घराबाहेर काढलंय. तो भर चौकात, बर्फात उभा आहे. तो गर्दीला हाक मारतो, आणि सगळा परका देश त्याला पाठ फिरवून निघून जातो. मग तो कॅमेऱ्याकडे बघून म्हणतो की सबने मुँह फेर लिया, आता मी माझ्या मातीकडे जातो. त्या एका शॉटवर अख्खा चित्रपट उभा होता. प्रेक्षक तिथे रडला तर मी हिट, नाही रडला तर खरड.

सेक्टर सतराचा चौक आम्ही भल्या सकाळी अडवला. निर्मात्याने लुधियानाहून स्वेटरांचे ट्रक आणले होते. ऊन असं तापलेलं, आणि कॅनडा लोकरीत घामाघूम. थर्माकोलचा बर्फ पसरला आणि नेमकी आँधी आली. बर्फ उडाला तो थेट मोहालीत पडला. तिथे म्हणे शाळा सोडल्या आणि एका हलवायाने गाजरहलवा करायला घेतला. उरलेला बर्फ आम्ही कुंच्याने गोळा करून पुन्हा पसरला.

हीरो दुपार कलल्यावर आला. उतरणीला लागलेला, त्यामुळे स्वतःला शिखरावर समजणारा. त्याच संध्याकाळी त्याचं विमान होतं, आणि दुसऱ्या दिवशी दुसऱ्या एका चित्रपटासाठी त्याचं डोकं तासलं जाणार होतं. म्हणजे सूर्य बुडायच्या आत जे मिळेल ते मिळेल. पुन्हा हा हीरो या केसांत दिसणार नव्हता.

मी ओरडलो, "ॲक्शन!"

हीरोने हाक मारली. त्याच्या मागे उभ्या असलेल्या कॅनडाने ती ऐकली, दुःखी चेहरा केला, आणि सगळाच्या सगळा कॅनडा, तोंड कॅमेऱ्याकडे ठेवून, खेकड्यासारखा तिरका-तिरका बाजूला सरकला.

"कट! सर, पाठ फिरवायची आहे!"

"कुणाला?" सर शांतपणे म्हणाले.

"हीरोला."

"हीरोला फिरवू की. पण प्रेक्षकांना कशी फिरवणार?"

"सर, हीरो आणि प्रेक्षक एकाच बाजूला आहेत."

"मग हीरोला मागे उभा करा. आम्ही पुढे येतो. त्याला आमची पाठ, प्रेक्षकांना आमचं तोंड. सोपं आहे."

खरं सांगतो, क्षणभर माझ्या अंगावर काटा आला. इतके सगळे पाठ फिरवून चाललेले चेहरे पुढे, आणि मागे लांबवर एकटा ठिपक्याएवढा हीरो! तसा शॉट मला जन्मात सुचला नव्हता. मी हीरोकडे गेलो आणि अतिशय मवाळ शब्दांत विचारलं. हीरोने काळा चष्मा काढला. "मैं पीछे? और ये... ये लोग आगे?" एवढंच बोलून तो व्हॅनकडे निघाला. निर्मात्याने त्याला कंबरेला मिठी मारून परत आणला.

मग मी मंडळासमोर हात जोडले. ताईने दम दिला. सगळ्यांनी पाठ फिरवायचं कबूल केलं, आणि तालमीत फिरवलीही. पण "ॲक्शन" ऐकलं की हाडं आपलं ऐकायची. लाकूडतोड्या अर्धा वळायचा आणि खांद्यावरून मागे बघत राहायचा. बँकेतल्या वहिनी एकदा पूर्ण वळल्या, तोच गर्दीतून सरांचा दबका आवाज आला, "वहिनी, पाठ!" आणि वहिनी गर्रकन फिरून पुन्हा आमच्याकडे. भावोजी गप्प उभे राहून पाव विकत होते, थेट लेन्समध्ये बघून. भारतीय शेजारी तर वळायला तयारच नव्हते, कारण त्यांचे कोट पुढून चांगले होते.

ऊन लाल झालं. हीरो घड्याळ बघायला लागला. कॅमेरामन म्हणाला, "मागचं सगळं धूसर करतो, काही दिसणार नाही." मी शेवटचं "ॲक्शन" म्हटलं. हीरो खरोखर रडला, कारण त्याचं विमान चुकत होतं. आणि धूसर व्हायचं राहिलं बाजूला, त्याच्या मागे मावळतीच्या उजेडात घाऱ्या डोळ्यांच्या जोड्या काचेच्या गोट्यांसारख्या चमकत होत्या. सगळे हीरोकडे बघत होते. म्हणजे तुमच्याकडे.

चित्रपट पुढे प्रदर्शित झाला. निर्मात्याने चंदीगडला खास खेळ ठेवला, सगळं मंडळ नवे कपडे घालून हजर. दिवे मालवले, पडद्यावर अक्षरं आली, "टोरांटो, कॅनडा", आणि मागून एक आवाज आला, "ओये, ए तां अपना सतारां सेक्टर!"

मग थांबलंच नाही. प्रत्येक चौकाला लोक चौकाचं नाव सांगायचे. हीरॉइन तलावाकाठी गायला लागली तर निम्मं थिएटर म्हणालं, "सुखना!" एकाला हीरोच्या लाल गाडीमागे स्वतःची स्कूटर दिसली आणि तो आनंदाने उठून खुर्चीवर उभा राहिला. मी स्वतःला समजावत होतो की हे गावच्या प्रेमापोटी चाललंय, शेवटाला शांत होतील. ताईने माझा हात धरला होता.

शेवट आला. हीरो बर्फात उभा. डोळ्यांत पाणी. "सबने... मुँह फेर लिया..."

थिएटरभर शांतता. त्या शांततेत पहिल्या रांगेतला एक सरदारजी मोठ्या आवाजात, अगदी मनापासून समजूत घालत म्हणाला, "कित्थे फेरेया, यारा? सारे तां तैनूं ई देख रहे ने!"

छत उडालं. लोक हसून खुर्च्यांवरून घसरले. तेवढ्यात मागून आणखी एक ओरडला, "ओ जी, ए तां साड्डे डॉक्टर साब! मेरा गोड्डा इन्हां ने ई ठीक कीता सी!" आणि गुडघा दाखवायला तो खरोखर उभा राहिला. टाळ्या पडल्या. भावोजी अंधारात संकोचून म्हणाले, "सात नंबर वॉर्ड." फक्त सर हसत नव्हते. ते पडद्याकडे रोखून बघत होते आणि हळूच मला म्हणाले, "बघा, एकही चेहरा वाया गेला नाही."

निर्माता माझ्या शेजारीच बसला होता. दिवे लागल्यावर त्याने माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. "डायरेक्टर साब, अब आप रेस्ट करो." हिंदी सिनेमात या वाक्यानंतर माणूस उठत नाही. बाकी देशात चित्रपट कधी लागला आणि कधी उतरला हे पोस्टर चिकटवणाऱ्यालाही आठवत नाही. माझे फोन बंद झाले. मी केले तरी कोणी घेईना, आणि एकाने घेतला तो राँग नंबर होता, पण त्यानेही माझं नाव ऐकून फोन ठेवून दिला.

भावोजींनी एक शब्द न बोलता शब्द टाकला. मी खरडला गेलो. चेअरमन गहू आणि कॉलेज दोन्ही एकाच ऑफिसातून बघायचे. माझी मुलाखत त्यांनी ट्रॅक्टरवरून उतरताना घेतली. "फिल्म मेकिंग पढाओगे, ठीक है. साथ में हॉटेल मॅनेजमेंट भी देख लेना. और एअर होस्टेस का बॅच है, उनको चलना सिखा देना. आप तो डायरेक्टर हो." मी हो म्हटलं. सोमवारपासून रुजू व्हायचं ठरलं. घरी आलो तर भाचीने आधीच तिच्या खोलीला कडी लावून घेतली होती.

रविवारी दुपारी ताईकडचा फोन वाजला. मुंबईहून एका वाहिनीच्या बाई बोलत होत्या. आवाज चोवीस तास झोप न मिळाल्यासारखा. त्यांच्याकडे रोज चालणारी कौटुंबिक मालिका सुरू होणार होती. एकत्र कुटुंब, दिवाणखान्यात सासवा, सुना, दीर, जावा, आत्या, सगळे एकदम. आणि प्रत्येक नटाने करारात लिहून घेतलं होतं की माझा चेहरा दिसलाच पाहिजे. चार दिग्दर्शक दोन दिवसांत पळून गेले होते.

"आपकी वो फिल्म देखी मैंने," बाई म्हणाल्या. "पूरी नहीं, लास्ट सीन. इतने लोग, और एक की भी पीठ नहीं! कैसे किया?"

मी ताईकडे पाहिलं. मग भावोजींकडे. ते पेपर वाचत होते, पण पेपर हलत नव्हता.

"मॅडम," मी म्हटलं, "उसके पीछे बरसों की साधना है."

साधना कुणाची ते त्यांनी विचारलं नाही. मीही विचारू दिलं नाही. पण मुंबईला जायच्या आधी सरांच्या घरी जाऊन त्यांच्या पाया पडलो, आणि दिवाणखान्यातून माणूस पाठ न दाखवता बाहेर कसा काढायचा ते आठवडाभर शिकून घेतलं. चेअरमनना निरोप पाठवला. ते म्हणाले, हरकत नाही, एअर होस्टेस चालायला शिकल्या आहेत.

तेव्हापासून मी दिग्दर्शकच आहे. रोजचा. माझ्या मालिकेतलं कुटुंब इतकं वाढलं की मध्यंतरी सेटची एक भिंत पाडावी लागली. घरात कोणी मेलं, कोणी परत जिवंत झालं, कोणाचं लग्न मोडलं, तरी सगळे एका रांगेत, तोंड समोर. देशात संध्याकाळी दिवे लागले की घरोघर तीच रांग. निर्मात्याचाही फोन आला. त्याला स्वेटरांची एक मालिका काढायची होती.

पुढच्या सुट्टीत चंदीगडला गेलो. जेवणं चालली होती आणि टीव्हीवर माझाच भाग लागला होता. थोरली सून सासूला सांगत होती की ती घर सोडून चाललीय. सासू कोसळली होती, आणि बाकी सगळं घर हादरून रांगेत उभं होतं. भाची म्हणाली, "मामा, मस्त है." भावोजींनी आमटी वाढून घेतली. ताईने घास हातातच ठेवून बराच वेळ पाहिलं.

"काय रे," ती म्हणाली, "एवढं घरात आभाळ कोसळलंय, आणि ह्यांच्यातलं कुणी कुणाकडे बघत का नाही?"

"बघितलं तर तोंड दिसत नाही, ताई."

ताईने मान हलवली आणि भावोजींच्या ताटात भाकरी वाढली. वाढताना तिची पाठ माझ्याकडे होती.